लग्नाचं देणं

(रेडिओवर झालेल्या भाषणाचा संपादित भाग)

मोखाड्याच्या बाजारात आमचं दुकान होतं. मीठ, मिरची, गूळ, सुकट, राकेल, काड्यापेट्या आणि धान्य. मागच्या बाजूला घर. दुकान आणि घर यांच्यामध्ये जुन्या लुगड्याचा एक पडदा होता. पडद्याच्या पुढे अब्बांचं राज्य, मागे अम्माचं. लहानपणी मी दिवसातून पन्नास वेळा त्या पडद्याखालून इकडून तिकडे जात असे. त्यामुळे दोन्हीकडचं बोलणं कानावर पडायचं. दोन्हीकडे काय बोललं जात नाही, तेही हळूहळू कळायला लागलं.

घरातल्या न बोललेल्या ताणांविषयी बोला, असा निरोप आला तेव्हा मला पहिल्यांदा तो पडदाच आठवला. मग वाटलं, आपल्या घरचं गाऱ्हाणं रेडिओवरून कशाला सांगायचं? घरोघरी मातीच्या चुली. पण विचार करत गेलो तसं लक्षात आलं की आमच्या भागातले हे ताण नुसते स्वभावाचे नव्हते. सासू खाष्ट, नवरा तापट, सून घुमी, हे सगळीकडे असतंच. ते मी सोडून देतो. मला ज्या ताणाविषयी बोलायचं आहे, त्याला तारीख आहे, रक्कम आहे आणि खाली अंगठ्याचा ठसा आहे.

पांढरपेशा मराठी घरांतला अबोला आपल्याला बऱ्यापैकी माहीत आहे, कारण तिथल्या बायकांनी तो लिहून ठेवला. रमाबाई रानड्यांचं 'आमच्या आयुष्यातील काही आठवणी' १९१० साली आलं. न्यायमूर्तींची बायको शिकते, म्हणून घरातल्याच बायकांकडून तिला काय काय सोसावं लागलं, ते तिने त्यात सांगितलं आहे. लक्ष्मीबाई टिळकांनी तर 'स्मृतिचित्रां'त आपल्या संसारातली ओढाताण हसत हसत सांगून टाकली. बी.ए.ला ही पुस्तकं वाचताना मला वाटायचं, आमच्या पाड्यावरच्या एखाद्या बाईने असं पुस्तक लिहिलं असतं तर? तिला लिहिता येत नव्हतं. तिच्या घराचा इतिहास सांगणारा कागद एकच, तो म्हणजे सावकाराच्या नाहीतर दुकानदाराच्या वहीतलं पान. अशा वह्यांचा गठ्ठा आमच्या घरी होता. म्हणून या विषयावर बोलण्याचा थोडा अधिकार मला आहे असं मी समजतो. थोडी लाजही आहे.

ज्यांनी हा भाग पाहिलेला नाही त्यांच्यासाठी सांगतो. जव्हार आणि मोखाडा हे पालघर जिल्ह्यातले डोंगरातले शेजारी तालुके. १ ऑगस्ट २०१४ ला पालघर जिल्हा झाला, तोवर ते ठाणे जिल्ह्यात होते. जव्हारला महादेव कोळी मुकण्यांचं संस्थान होतं, ते १९४८ मध्ये विलीन झालं. मोखाडा संस्थानात नव्हता. इंग्रजी अमलात तो शहापूर तालुक्याचा पेटा होता. म्हणजे एका डोंगरावर आदिवासी राजा आणि पलीकडच्या डोंगरावर गोऱ्या साहेबाचा अंमल. पाड्यावरच्या माणसाच्या ताटात त्याने काही फरक पडला असेल असं मला वाटत नाही. २०११ च्या जनगणनेत मोखाडा तालुक्याची वस्ती ८३ हजारांच्या आसपास भरली. दर दहा माणसांत नऊंहून अधिक आदिवासी. वारली, कोकणा, महादेव कोळी, ठाकूर, कातकरी. उरलेल्यांत वाणी, मास्तर, ग्रामसेवक आणि आम्ही. शेती उतारावरची. भात, नागली, वरई, थोडी खुरासणी. पाऊस धो धो, आणि एप्रिलात विहिरी कोरड्या. मुंबईला पाणी पाजणारी वैतरणा आमच्याकडूनच जाते आणि उन्हाळ्यात आमच्याकडच्या बायका हंडे घेऊन विहिरीपाशी रात्र काढतात. पण तो वेगळा विषय झाला.

आदिवासी घरातलं देणं बहुतेक वेळा लग्नातून सुरू होई. इथे हुंडा नव्हता. उलट मुलाकडच्यांनी मुलीच्या बापाला देज द्यायचं. शहरातले लोक हे ऐकून म्हणतात, वा, किती पुढारलेली रीत! एका अर्थी ती आहेही. मुलगी म्हणजे घरातले राबते दोन हात, ते जातात म्हणून भरपाई. पण देज, मांडव, जातभाईंचं जेवण, दारू, लुगडी हे सगळं उभं करायचं कशातून? ज्याच्या कणगीत पाऊस संपेपर्यंत पुरेल एवढं धान्य नाही, तो पैसा कुठून आणणार?

त्यातून दोन वाटा निघाल्या. एक म्हणजे लग्न न लावताच संसार मांडायचा. वारल्यांत त्याला कोणी नावं ठेवत नसे. धवलेरी येऊन लग्न लावते, घरातल्या भिंतीवर सवाष्णी चौक लिहितात, त्याशिवाय लग्न पुरं होत नाही हे खरं. पण ते पुढेमागे, जमेल तेव्हा. कधी कधी बापाचं आणि मुलाचं लग्न एकाच मांडवात लागतं. के. जे. सावे या सरकारी अधिकाऱ्याचं वारल्यांच्या चालीरीतींवरचं 'द वारलीज' हे पुस्तक १९४५ साली निघालं. योगायोग असा की त्याच वर्षी वारल्यांनी आपली कहाणी स्वतःच सगळ्यांना ऐकवली. त्याकडे मी येतो.

दुसरी वाट मालकाच्या वाड्यावर जाणारी होती. मालक म्हणजे जमीनदार आणि सावकार एकाच अंगरख्यात. त्याने लग्नासाठी पैसे दिले की नवरा त्याचा 'लग्नगडी' झाला. रक्कम आज ऐकली तर हसू येईल इतकी लहान असे. तेवढ्यासाठी नवऱ्याने मालकाच्या शेतावर, गोठ्यात, घरात राबायचं. मजुरी म्हणजे पोटापुरतं धान्य. तो एकटा नव्हे, बायकोही. हिशेब मालकाच्या वहीत, आणि वही वाचता येते फक्त मालकाला. बाप फेडता फेडता गेला की मुलगा त्याच्या जागी उभा. ठाण्याच्या या पट्ट्यातल्या वेठीची दखल सरकारनेही घेतली होती. डी. सिमिंग्टन नावाच्या आयसीएस अधिकाऱ्याने १९३० च्या दशकाच्या अखेरीस मुंबई सरकारला अहवाल दिला, त्यात ती आहे. अहवाल कपाटात गेला असावा, कारण वेठ चालूच राहिली.

इतिहासात हे सगळं वेठबिगारी, कर्ज, जमीन या मथळ्यांखाली लिहिलं जातं. मी मात्र लग्नगड्याच्या घराचा विचार करतो. संध्याकाळी दोघं वाड्यावरून झोपडीत परत येतात. चूल पेटते. काय बोलत असतील? नवऱ्याच्या मनात येत असेल की हिच्याशी लग्न केलं म्हणून मी गुलाम झालो. बायकोच्या मनात येत असेल की याने मला घर द्यायच्या आधीच मालकाला देऊन टाकलं. दोघांचंही खरं आहे आणि दोघांनाही ते बोलता येत नाही, कारण बोललं तर ज्या एका गोष्टीसाठी हे सगळं केलं, ती गोष्टच मोडते. त्याहून वाईट पुढे आहे. लग्नगड्याच्या बायकोवर आपला हक्क आहे असं कितीतरी मालक धरून चालत. ती रात्री उशिरा वाड्यावरून परतली की नवरा काय विचारणार? आणि विचारलं तर ती काय सांगणार? पहाटे दोघांना पुन्हा त्याच वाड्यावर जायचं आहे.

हे मी कल्पनेने रंगवत नाही. गोदावरी परुळेकरांनी ते लिहून ठेवलं आहे. पुण्याच्या गोखल्यांच्या घरातली, वकिलीची परीक्षा पास झालेली ही बाई पती शामराव परुळेकर यांच्यासोबत किसान सभेच्या कामासाठी वारल्यांच्या झोपड्यांत राहिली. २३ मे १९४५ रोजी तेव्हाच्या उंबरगाव तालुक्यातल्या झरी गावी हजारो वारली जमले. वेठ करायची नाही, फुकट राबायचं नाही, असं तिथे ठरलं. पुढच्या काही आठवड्यांत लग्नगडी मालकांचे वाडे सोडून आपापल्या घरी आले. ऑक्टोबरमध्ये गवतकापणीच्या मजुरीचा लढा चालू असताना तलवाडा इथे पोलिसांनी गोळीबार केला, त्यात पाच आदिवासी मारले गेले. बाईंचं 'जेव्हा माणूस जागा होतो' हे पुस्तक १९७० साली आलं आणि १९७२ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्याला मिळाला. लोक त्यांना गोदूताई म्हणत. अब्बा सांगायचे की त्यांच्या लहानपणी आमच्या दुकानात हे नाव कोणी घेतलं तर आवाज खाली करून घ्यायचा. गिऱ्हाईक वेगळ्या कारणासाठी, माझे आजोबा वेगळ्या.

पुढे ऑक्टोबर १९७५ मध्ये वटहुकूम निघाला आणि १९७६ मध्ये वेठबिगारीविरुद्ध कायदा झाला. वसईच्या बाजूला श्रमजीवी संघटनेने १९८० च्या दशकात वेठबिगार सोडवण्यासाठी हाच कायदा हातात घेतला. लग्नगडी हा शब्द बोलण्यातून गेला. आज आमच्याकडच्या कॉलेजातल्या मुलांना तो माहीत नसतो. लग्नाचं देणं मात्र शब्दाबरोबर गेलं नाही. ते वाड्यावरून उठलं आणि बाजारात आलं. म्हणजे आमच्याकडे.

आमचं घराणं मूळचं भिवंडीकडचं. कोकणी मुसलमान. घरात बोलायला आमची बोली, मशिदीत उर्दू, दुकानात वारली वळणाची मराठी आणि शाळेत मास्तरांची मराठी. मी कविता या चौथ्या भाषेत लिहू लागलो, याचं अब्बांना काय वाटलं ते त्यांनी कधी सांगितलं नाही. तोही एक अबोलाच. दुकानाचा धंदा मात्र सरळ होता. आषाढ-श्रावणात लोकांकडचं धान्य संपायचं, तेव्हा अब्बा उधार धान्य द्यायचे. पीक निघालं की मार्गशीर्षात ते परत घ्यायचे, सवाईने. म्हणजे चार पायली नेली तर पाच आणून घालायची. दुसरे कितीतरी जण दिढी लावत. त्या मानाने अब्बा नेक समजले जात, आणि ते नेक होतेही. वजनात त्यांनी कधी कुणाला मारलं नाही. भर पावसात रात्री दार वाजलं तर उठून मीठ-मिरची द्यायचे. सवाईला ते व्याज म्हणत नसत. घाट चढवून माल आणावा लागतो, उंदीर-घुशी खातात, त्याचं ते 'वाढावा' म्हणत.

वह्या लाल कापडाच्या. प्रत्येक घराचं एक पान. डाव्या बाजूला जमा, उजव्या बाजूला नावे. नावेच्या बाजूला अब्बा कारणही लिहीत, ही त्यांची सवय. 'पावसाळा', 'दवापाणी', 'मर्तिक', 'बैल'. पण एखाद्या घराची बाकी एकदम फुगलेली दिसली की तिथे हटकून एकच शब्द असायचा. 'लग्न'.

दुकानात पोती उतरवायला एक वारली गडी येत. मी त्यांना काका म्हणे. त्यांची बायको मला दिसली की गालाला हात लावायची, तिला काकी म्हणे. दोघांचा संसार कितीतरी वर्षांचा, तीन मुलं. लग्न लागलेलं नव्हतं. काका मोठे बोलके. पोती उतरवता उतरवता मोहाच्या झाडाच्या, वाघाच्या गोष्टी सांगायचे आणि घरी जाताना काकी मागून चालत असली तरी तिच्याशी तोंड चालूच. मी आठवीत होतो तेव्हा त्यांच्या थोरल्या मुलाचं लग्न ठरलं. जातभाई म्हणाले, बापाचं लागल्याशिवाय मुलाचं कसं लागेल? मग दोन्ही लग्नं एकाच मांडवात झाली. मी गेलो होतो. भिंतीवरचा चौक, त्यात मधोमध पालघाट देवी, आणि त्याच्यापुढे पन्नाशीला आलेले काका नव्या टोपीत अवघडून उभे. काकी लाजत होती. ती इतकी तरुण मला आधी कधी दिसली नव्हती आणि नंतरही नाही.

त्या लग्नाचा गूळ, तांदूळ आणि काही रोख आमच्या दुकानातून गेली. ती पुरली नाही म्हणून काकांनी वीटभट्टीच्या मुकादमाकडून उचल घेतली. दिवाळी झाली की सगळं घर भिवंडीकडच्या भट्टीवर. शिमग्याला दोन दिवस यायचे, की परत. पावसाच्या तोंडावर पुन्हा गावी. मग आषाढात आमचा पडदा, आमची पायली. असं चार-पाच वर्षं चाललं. काका पोती उतरवायला यायचे पण गोष्टी बंद झाल्या होत्या. एकदा काकी मागच्या दाराने आली आणि अम्माजवळ चुलीपाशी बसली. मी पडद्याच्या अलीकडे होतो. काकी म्हणाली, "लगीन नव्हतं तवर बरा होता गं. बोलत तरी होता."

अम्मा काहीच बोलली नाही. तिच्या चहात साखर घालत राहिली. पडद्याच्या पुढे अब्बाही होते. त्यांनी ऐकलं असणार. त्यांनी वही उघडली आणि उगाच पानं चाळत बसले.

आता मला एक प्रसंग सांगायचा आहे, जो मी आजवर कुठे सांगितलेला नाही. १९९२-९३ मध्ये जव्हार तालुक्यातल्या वावर-वांगणी भागात कुपोषणाने मुलं दगावल्याच्या बातम्या आल्या आणि आमच्या भागाचं नाव देशभर झालं. गाड्या येऊ लागल्या. मी तेव्हा नुकताच बी.ए. होऊन घरी बसलो होतो. एका पाहणी पथकाला दुभाष्या हवा होता. पथक कोणाचं होतं ते सांगत नाही, माणसं तळमळीची होती. आम्ही आमच्याच तालुक्यातल्या एका पाड्यावर गेलो. एका घरातलं दोन वर्षांचं मूल पंधरा दिवसांपूर्वी गेलं होतं. ओटीवर आई बसलेली, नवरा खांबाला टेकून, सासू आतल्या अंधारात. पथकातल्या डॉक्टरांनी विचारलं, पोराला काय खायला घालत होतीस? मी ते तिच्या भाषेत विचारलं. ती म्हणाली, "पेज." किती वेळा? गप्प. मग विचारलं, पीक निघाल्यावर घरात धान्य किती होतं? तिने माझ्याकडे पाहिलं. नवऱ्याकडे पाहिलं. नवरा जमिनीकडे बघत होता. आत सासू खोकली. बाई म्हणाली, "होतं."

परतताना गाडीत डॉक्टर वैतागले होते. म्हणाले, धान्य होतं तर गेलं कुठे? हे लोक सांगतच नाहीत. बाप दारूत घालवतो आणि बाई त्याला झाकते. मीही मान डोलावली. तेव्हा मला ते पटलंही होतं.

पुढच्या पावसाळ्यात अब्बांना बरं नव्हतं म्हणून मी गल्ल्यावर बसू लागलो. एके दिवशी एक पान उघडलं, तर नाव त्याच घराचं. मार्गशीर्षात जमेच्या बाजूला अब्बांच्या अक्षरात नागली आणि वरई, सवाईसकट. मागच्या चार सालांची बाकी त्यांनी त्या वर्षी एकदम चुकती केली होती. नावेच्या बाजूला कारण होतं, 'लग्न'. तेव्हा मला त्या बाईची नजर समजली. तिने डॉक्टरांना उत्तर दिलं नव्हतंच. समोर शेटचा पोरगा बसला होता. शेटच्या पोराच्या तोंडून सरकारला ती कसं सांगणार होती की धान्य होतं, ते तुझ्या घरी आलं? आणि पुढच्या आषाढात त्यांना पुन्हा आमच्याच दारात यायचं होतं. नवऱ्याला ते माहीत होतं, सासूलाही. त्या ओटीवर सगळ्यांना सगळं माहीत होतं. फक्त मला माहीत नव्हतं, आणि प्रश्न विचारणारा मी होतो.

मी ती वही बंद केली. अब्बांना काही म्हणालो नाही. काय म्हणणार होतो? त्याच वहीवर मी बी.ए. झालो होतो.

आज ते दुकान नाही. रेशनचं धान्य पाड्यापर्यंत पोहोचायला लागलं, मधल्या काळात आदिवासी विकास महामंडळाचं खावटी कर्ज आलं, लहान दुकानदारांची सवाई हळूहळू थंडावली. पण दिवाळीनंतर मोखाड्याच्या नाक्यावर या. टेम्पोत बिछाने, भांडी, कोंबड्या आणि माणसं. मुकादम उचल देतो ती जोडप्याला. एकट्या माणसाला भट्टीवर कमी भाव. मराठवाड्यातल्या ऊसतोडीत तर नवरा-बायको मिळून 'एक कोयता' मोजतात. लग्न झालं की एक कोयता तयार होतो. तिथे बायकांची गर्भाशयं काढली जात असल्याचं २०१९ मध्ये गाजलं, तेव्हा आपण हळहळलो. पण पाळीचे चार दिवस काम बुडालं तर उचलीतून दंड कापला जाणार, हा हिशेब त्या घरात आधी कोणी मनात केला असेल? नवऱ्याने, की तिने स्वतःच? की दोघांनी, एकमेकांना न सांगता?

२०२१ मध्ये आमच्या मोखाडा तालुक्यातली एक बातमी राज्यभर गेली. मुलाच्या अंत्यविधीसाठी घेतलेल्या ५०० रुपयांपायी एका आदिवासी माणसाला वेठीला धरलं आणि त्याने पुढे आत्महत्या केली, अशी पोलिसांत तक्रार नोंदली गेली. खरंखोटं ठरवणं न्यायालयाचं काम. मी थांबलो ते दुसऱ्याच ओळीवर. तक्रार त्याच्या बायकोने दिली होती. पाचशे रुपये, मूल, नवरा, राबणं, सगळं तिने ठाण्यात जाऊन सांगितलं. कायद्याला पंचेचाळीस वर्षं झाली होती. ती बोलली तेव्हा ऐकायला घरात नवरा उरला नव्हता.

आमच्या घरातलं एक राहिलं. अम्मा घरचा भात खात नसे. आमच्यासाठी मोठ्या पातेल्यात शिजवायची आणि स्वतःसाठी लहानशा टोपात वेगळा. तिचा तांदूळ वेगळ्या डब्यात असायचा. भिवंडीहून मामा दर वर्षी एक पोतं पाठवायचे, त्यातला. कोणी विचारलं तर सांगायची, "इकडचा तांदूळ मला पचत नाही." आम्हाला ते खरं वाटायचं. रमजानमध्ये सहरीला उठलं की चुलीवर दोन भांडी ठरलेलीच.

अब्बा २००३ मध्ये गेले. चाळीस दिवस झाल्यावर मी तिला विचारलं, अम्मा, तुला तो तांदूळ खरंच पचत नव्हता का? ती बराच वेळ हातातली तसबीह फिरवत राहिली. मग म्हणाली, "सवाईचं पोटात घेऊन नमाजाला कशी उभी राहू?" मी म्हटलं, मग अब्बांना सांगितलं का नाहीस? तर म्हणाली, "त्यांनी विचारलं नाही." छत्तीस वर्षांचा संसार. मला राहवलं नाही. म्हटलं, आणि आम्हाला? आम्हाला तो कसा वाढलास? त्यावर ती म्हणाली, "बापाच्या ताटावरून पोराला कसं उठवायचं असतं, सांग."

मला सांगता आलं नाही. माझी बायको म्हणते की तेव्हापासून मीही जेवताना बोलत नाही.

वह्या मी रद्दीत घातल्या नाहीत. मध्यंतरी इतिहासाचा अभ्यास करणारा एक तरुण आला होता, त्याला दाखवाव्यात म्हणून गठ्ठा सोडला. अगदी शेवटच्या वहीत, सगळ्या गिऱ्हाइकांची पानं संपल्यावर, दोन कोरी पानं सोडून एक पान लिहिलेलं होतं. वर अम्माचं नाव. अब्बांनी तिला नावाने हाक मारलेली मी जन्मात ऐकली नव्हती, ती तिथे अक्षरात होती. खाली जमेच्या बाजूला सालवार नोंदी. 'तांदूळ, पोतं १', आणि पुढे त्या सालचा बाजारभाव. मागच्या वह्यांतून ओढून आणलेल्या रकमांसकट. नावेची बाजू कोरी होती. सवाई कुठेच लावलेली नव्हती. खाली बाकी काढलेली नव्हती.